अळणीतलं मीठ आणि अनकेम्प्टमधला कंगवा

मागच्या आठवड्यात बॅचमध्ये एका पोरीनं विचारलं, मॅडम, अनकेम्प्ट म्हणजे केस विस्कटलेला, अवतार झालेला माणूस, मग नीट भांग पाडून आलेल्याला केम्प्ट का नाही म्हणायचं? तिच्या मागं बसलेलं पोरगं लगेच म्हणलं, गाईडमध्ये केम्प्ट दिलेलाच नाही, म्हणजे असा शब्दच नसतो. सगळे हसले, पोरगी गप्प बसली, आणि मला मात्र राहवेना कारण हाच प्रश्न मला कॉलेजात पडला होता आणि तेव्हा मला पण असंच गप्प बसवलं होतं.

मी जुळे सोलापुरात घरातल्याच एका खोलीत बँकेच्या आणि बाकी स्पर्धा परीक्षांच्या पोरांना इंग्रजी शिकवते, बारा वर्षं झाली आता. पोरं हुशार असतात पण शब्द पाठ करायची पद्धत अशी की एका बाजूला शब्द, दुसऱ्या बाजूला अर्थ, खाली तीनशे वेळा घोकंपट्टी, आणि परीक्षा झाली की सगळं साफ. अन, इन, डिस, नॉन लागलेले शब्द तर हमखास विसरतात. म्हणून आज जरा सविस्तर लिहिते, त्या पोरीसाठी पण आणि ज्यांना असलं काही आवडतं त्यांच्यासाठी पण.

तर केम्प्ट हा शब्द आहे. जुन्या इंग्रजीत केंब म्हणजे विंचरणं असं क्रियापद होतं, कोम्ब म्हणजे कंगवा त्याच घरातला. केम्प्ट म्हणजे विंचरलेलं, अनकेम्प्ट म्हणजे न विंचरलेलं. आणि हे नुसतं केसांबद्दल नव्हतं, लोकर विंचरण्याबद्दल पण होतं. लोकर विंचरणाऱ्या बाईला केम्पस्टर म्हणायचे, आज ते इंग्रजांमध्ये आडनाव म्हणून उरलंय. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला माझे आजोबा आठवले, ते गिरणीत कार्डिंग खात्यात, म्हणजे कापूस पिंजून विंचरायच्या खात्यात होते, पाळी संपवून घरी आले की डोक्यावर, भुवयांवर, कानात कापसाची तुसं, आणि आज्जी दारातच म्हणायची, आधी डोकं झाडा मग आत या. आपल्याकडं पिंजारलेले केस म्हणतात ना, तो शब्द पण कापूस पिंजण्यातनंच आलाय. फरक बघा किती छान आहे, इंग्रजांनी लोकर विंचरली की ती सरळ होते म्हणून न विंचरलेला तो गबाळा, आणि आपल्याकडं कापूस पिंजला की तो फुलतो, उडतो, म्हणून पिंजारलेला तो गबाळा. एकच काम, एकाच्या शब्दात काम केलेलं नाही म्हणून विस्कटलेपण आणि दुसऱ्याच्या शब्दात काम केलंय म्हणून विस्कटलेपण.

मग अनकेम्प्ट राहिला आणि केम्प्ट जवळजवळ गेला, असं का? याचं उत्तर मला स्वयंपाकघरात मिळालं. सासूबाई जेवताना म्हणाल्या, अगं आमटी अळणी झालीय. आता अळणी हा शब्द फोडून बघा. अ आणि लवण. संस्कृतातला अलवण, म्हणजे मीठ नसलेला, बोलता बोलता झिजून अळणी झाला. आपण रोज अळणी म्हणतो पण मीठ बरोबर पडलं असेल तर त्याला लवणी वगैरे काही म्हणतो का? नाही. मीठ बरोबर असलं की माणूस गप्प जेवतो. कमी पडलं की बोलतो. केस विंचरलेले असले की कुणी काही म्हणत नाही, नसले की आज्जी दारात अडवते. तक्रार करायला शब्द लागतो, सगळं ठीक असलं की लागत नाही, म्हणून नकाराचा शब्द वापरून वापरून टिकतो आणि त्याच्या पोटातला मूळ शब्द वापराविना मरतो. माझं म्हणणं एवढंच आहे की असा शब्द पाठ करू नका, फोडा, आणि पोटातला मेलेला शब्द शोधा, तो सापडला की अर्थ परत विसरत नाही.

आणि अळणीचा जुळा भाऊ इंग्रजीत आहेच, इन्सिपिड. बेचव, पाणचट. लॅटिनमध्ये सापिदुस म्हणजे चवदार, त्याला इन लागून इन्सिपिड. सॅपिड असा शब्द इंग्रजी डिक्शनरीत आहे पण बोलताना कोण म्हणतं! शेंगाचटणी खाऊन वाढलेल्या माणसाला इन्सिपिडचा अर्थ एकदा सांगितला की पुरे.

आता माझा सगळ्यात लाडका शब्द, अनकूथ. अर्थ असभ्य, रानटी, वागायची रीत नसलेला. हा फोडला तर अन आणि कूथ, आणि कूथ म्हणजे जुन्या इंग्रजीत माहीत असलेला, ओळखीचा. म्हणजे अनकूथचा मूळ अर्थ फक्त अनोळखी. आधी अनोळखी, मग विचित्र, मग गावंढळ, मग असभ्य असा तो घसरत गेला, माणूस परक्याकडं कसं बघतो ते एका शब्दात दिसतं. पण मला त्याहून भारी वाटलं ते पुढचं. हा कूथ ज्या मूळ धातूपासून आला, त्याच धातूपासून आपला ज्ञा आलाय. ज्ञात आणि कूथ एका आईची लेकरं. आणि इंग्रजीतला अन आणि आपला अ किंवा अन हे पण एकच, अज्ञातमधला अ, अनादरमधला अन, इंग्रजी अननोनमधला अन, लॅटिनचा इन, ग्रीकचा अ आणि अन, सगळे एकाच जुन्या प्रत्ययाचे वारस आहेत. म्हणजे अनकूथ आणि अज्ञात हे तुकड्यातुकड्यानं जुळणारे, खरं तर एकच शब्द आहेत, हजारो वर्षं वेगवेगळ्या गावाला राहिले म्हणून चेहरे बदलले. मी हे बोर्डावर एकाखाली एक लिहिलं तेव्हा वर्गात कुणी काही बोललं नाही बराच वेळ.

असंच अमृताचं. अ आणि मृत, न मरणारं. लॅटिनमार्गे इंग्रजीत आलेला इम्मॉर्टल, त्यातला मॉर्ट म्हणजे आपला मृत. ग्रीकमधनं आलेला अँब्रोशिया, देवांचं खाणं, तो पण अ आणि मरणारा, म्हणजे न मरणाऱ्यांचं. अमृत, इम्मॉर्टल आणि अँब्रोशिया, तिघंही एकाच घरची.

अ‍ॅमेथिस्ट नावाचा जांभळा खडा असतो, अंगठीत घालतात. अ आणि मेथी, ही आपली भाजी नव्हे, ग्रीकमध्ये मेथी म्हणजे दारू, आपल्या मधुशी नातं असलेला शब्द. हा खडा जवळ ठेवला तर दारू चढत नाही अशी ग्रीक लोकांची समजूत होती, म्हणून त्याचं नाव न-चढणारा. इम्पिक्यूनियस म्हणजे कफल्लक, हा लॅटिनच्या पेकूनिया म्हणजे पैसा यावरून, आणि पेकूनिया आला पेकुस म्हणजे गुरंढोरं यावरून, आणि पेकुस आणि आपला पशु परत एकच. ज्याच्या गोठ्यात जनावर नाही तो कफल्लक. आपण अजून पशुधन म्हणतोच की. ग्रामीण भागातनं येणाऱ्या पोरांना हा शब्द एका दमात लक्षात राहिला, ज्यांच्या दावणीला आत्ताच दुष्काळात एखादी म्हैस विकावी लागलेली त्यांना तर समजावून सांगावं पण लागलं नाही.

आमच्या सोलापूरच्या गड्ड्याच्या यात्रेत जानेवारीत सिद्धेश्वर मंदिराजवळ संमती कट्ट्यावर अक्षता सोहळा होतो, पांढरी बाराबंदी घातलेली माणसं, सात नंदीध्वज, आणि लाखो हातांतनं एकाच वेळी पडणाऱ्या अक्षता. लहानपणापासून बघतेय पण अक्षता शब्दाकडं कधी लक्ष गेलं नव्हतं. अ आणि क्षत, न मोडलेला, न जखमी झालेला तांदूळ, म्हणून कणी चालत नाही. इंग्रजीत इन्टॅक्ट म्हणतो तो असाच, इन आणि टॅक्ट म्हणजे स्पर्श, हात न लागलेला म्हणून जसाच्या तसा राहिलेला. आणि गणितातला इंटिजर, पूर्णांक, तो पण त्याच स्पर्शाच्या धातूचा, हात न लागलेला आकडा, तुकडे न झालेला. माझ्या मुलाला सहावीत पूर्णांक शिकवताना मी अक्षतांचं ताट समोर ठेवलं होतं, तुटलेले दाणे बाजूला काढायला लावले, हे अपूर्णांक म्हणलं.

निरागस हा शब्द आपण लहान पोरांसाठी किती वापरतो. निर आणि आगस. आगस म्हणजे अपराध, पाप. आता आगस कुणाला माहितेय? कुणालाच नाही. इंग्रजीत इनोसंट, इन आणि नोसेरे म्हणजे इजा करणं, इजा न करणारा. तिथं पण नोसंट हा शब्द डिक्शनरीत पडून आहे, बोलण्यात नाही. दोन्ही भाषांनी पापाचा शब्द विसरला आणि पाप नसण्याचा ठेवला.

इथपर्यंत सगळं सरळ आहे. आता फसवे शब्द, परीक्षेत इथंच मार्क जातात.

पाकणीच्या डेपोकडनं येणाऱ्या टँकरच्या मागं लिहिलेलं असतं, हायली इन्फ्लेमेबल. आता इन म्हणजे नाही धरलं तर याचा अर्थ न पेटणारा होईल, आणि टँकर तर पेट्रोलचा. इथला इन नकाराचा नाहीच, तो आत, मध्ये, जोरात अशा अर्थाचा लॅटिनचा दुसरा इन आहे, इन्फ्लेम म्हणजे पेटवणं, त्यापासून इन्फ्लेमेबल म्हणजे पेटू शकणारा. हा गोंधळ लोकांच्या जिवावर बेतेल म्हणून विसाव्या शतकात आगीपासून सुरक्षेचं काम करणाऱ्या लोकांनीच इन काढून फ्लेमेबल लिहायचा आग्रह धरला. दोन्हीचा अर्थ एकच. न पेटणाऱ्याला नॉनफ्लेमेबल. हे तीन शब्द वहीत एकाखाली एक लिहून ठेवा.

डिसग्रंटल्ड म्हणजे नाराज, कुरबुरणारा. ग्रंटल म्हणजे सारखं कुरकुरणं, आणि डिस इथं नाही या अर्थाचा नसून पार, पुरता अशा अर्थाचा आहे, म्हणजे पुरता कुरकुरलेला. पण लोकांच्या कानाला तो डिस नकाराचाच वाटला, मग त्यांनी तो काढून ग्रंटल्ड म्हणजे खूश असा उलटा शब्द बनवला. इंग्रजी विनोदी लेखक पी. जी. वुडहाउस यांनी १९३८ च्या एका कादंबरीत तो वापरला आणि तो लोकांच्या लक्षात बसला. ग्रंटल्ड, कूथ हे शब्द आज गंमत म्हणूनच वापरतात, अर्जात किंवा निबंधात लिहू नका. केम्प्ट लिहिला तर चालतो.

मराठीत असं नाही असं समजू नका. निखालस मनाचा माणूस म्हणतो आपण. खालस म्हणजेच शुद्ध, अरबीतनं आलेला, त्याला पुढं नि लागला आणि तरी अर्थ शुद्धच राहिला. इन्फ्लेमेबलचं अगदी तसंच. फिजूल म्हणजे वायफळ, आणि आपण म्हणतो बेफिजूल खर्च, बे लावून पण अर्थ तोच. इंग्रजीत इर्रिगार्डलेस म्हणतात काही जण, रिगार्डलेस म्हणजे पर्वा न करता, त्यात नकार असताना पुढं अजून एक, त्यावर तिकडचे शिक्षक चिडतात. निष्णात डॉक्टर म्हणतो त्यातला नि नकाराचा नाही, नि आणि स्नात, त्या विद्येत पुरता न्हालेला. अजागळमधला अ पण नकाराचा नाही, अजा म्हणजे शेळी, तिच्या गळ्याला लोंबणारे ते निरुपयोगी सड असतात ना, त्यावरून तो आलाय. आणि अफलातून म्हणजे तर चक्क प्लेटो, ग्रीक तत्त्वज्ञ, त्याचं अरबी नाव.

ग्रंटल्डसारखं नकार काढून नवा शब्द बनवायची गोष्ट आपल्याकडं किती जुनी आहे ते वाचून मी थक्क झाले होते. असुर हा शब्द ऋग्वेदात वरुणासारख्या देवांसाठी सन्मानानं येतो. त्यातला अ नकाराचा नाही, असु म्हणजे प्राण, त्याच्याशी त्याचा संबंध जोडतात. पुढं असुर म्हणजे देवांचे शत्रू असा अर्थ झाला, लोकांना वाटलं अ म्हणजे नाही, मग उरला तो सुर म्हणजे देव, आणि सुर असा नवा शब्द तयार झाला. विधवा या शब्दाचं पण भाषाशास्त्राचे अभ्यासक असंच सांगतात. हा वि आणि धव असा मुळात नव्हताच, वेगळं होणं, रितं होणं अशा धातूपासून आलेला हा फार जुना शब्द, इंग्रजी विडो त्याचीच बहीण. नंतर कुणीतरी तो वि अधिक धव असा फोडला, धव म्हणजे नवरा ठरला, आणि मग सधवा पण आली. हे मला कळलं तेव्हा मी बराच वेळ आज्जीचा विचार करत बसले. आजोबा गेल्यावर तीस वर्षं ती संक्रांतीला हळदीकुंकवाच्या दिवशी मागच्या खोलीत बसायची. मूळ शब्दात नवरा नव्हताच, फक्त एकटी पडलेली बाई होती. नवरा नंतर घातला, आणि मग त्याच्या नसण्यावर तिचं सगळं ठरवलं.

अजून एक गंमतशीर कोडं, अनलॉकेबल. दुकानाचं शटर अनलॉकेबल आहे म्हणजे काय? कुलूप लागतच नाही असं, की लागलेलं कुलूप उघडता येतं असं? दोन्ही बरोबर. कारण इंग्रजीत अन दोन आहेत, एक आपल्या अ चा भाऊ, नाही म्हणणारा, आणि दुसरा केलेलं उलटवणारा, अनडू, अनटाय यातला, त्याचा उगम वेगळा. दिसायला सारखे म्हणून घोळ होतो.

डिसइंटरेस्टेड आणि अनइंटरेस्टेड पण सारखे नाहीत हे लक्षात ठेवा, पहिला म्हणजे ज्याचा स्वतःचा काही फायदा-तोटा नाही असा तटस्थ माणूस, दुसरा म्हणजे ज्याला रस नाही. न्यायाधीश पहिला असावा, दुसरा असून चालणार नाही. नॉनशलंट साठी आपल्याकडं बेदरकार अगदी चपखल, फ्रेंचमध्ये त्याच्या पोटात काळजी असणं आहे आणि आपल्यात दरकार आहे. नॉनप्लस्डचा अर्थ एका गाईडमध्ये शांत, निर्विकार असा दिलाय, अमेरिकेत तसा वापर वाढलाय हे खरं पण मूळ अर्थ पुढं काय करावं ते न सुचून थांबलेला, नॉन प्लुस म्हणजे याच्या पुढं काही नाही. परीक्षेत हाच धरा.

हे सगळं सांगून झाल्यावर ती पहिली पोरगी म्हणली, मॅडम, आमच्यात असं पुढं काही लागतच नाही. ती शहराच्या पूर्व भागातली, घरी तेलुगू बोलतात, वडील यंत्रमागावर. तिचं बरोबर आहे. तेलुगूत लेदु, कादु, वद्दु, म्हणजे नाही, नव्हे, नको, सगळं शेवटी येतं, कन्नडमध्ये इल्ला, बेडा पण शेवटी, द्राविडी भाषांमध्ये मुळात पुढं चिकटणारे असे प्रत्ययच नाहीत, संस्कृतातनं उसने घेतलेले शब्द सोडले तर. आमच्या गल्लीत दोन रुपयाच्या कोथिंबिरीवरून सकाळी चार भाषांत नाही ऐकू येतं, नाही, इल्ला, लेदु आणि नक्को, आणि त्यातला दखनी उर्दूचा नक्को आपल्या नकोवरूनच गेलेला. त्या पोरीला मी म्हणलं, तुला उलट सोपं आहे, तुझ्या कानाला हा पुढचा तुकडा परका आहे म्हणून तुला तो वेगळा ऐकू येतो, आम्हाला तो शब्दात मुरलेला असतो.

तिनं दुसऱ्या दिवशी एक शब्द आणला, बेचिराख. तिच्या मैत्रिणीच्या वडिलांसोबत ती तलाठ्याकडं गेलेली, तिथं गावांच्या यादीत एका नावापुढं लिहिलेलं होतं. वर्गात विचारलं तर सगळ्यांनी राख धरली, जळून राख झालेलं. मी पण कितीतरी वर्षं तसंच समजत होते. पण तो आहे बे आणि चिराग, फारसीतला, दिवा नसलेला. महसुलाच्या भाषेत बेचिराख गाव म्हणजे जिथं आता कुणी राहत नाही, संध्याकाळी दिवा लावायला माणूस नाही. गाव कागदावर असतं, शिवार असतं, गट नंबर असतात, शेजारच्या गावची माणसं येऊन जमीन पण कसतात, फक्त दिवे लागत नाहीत. त्या पोरीनं वहीत अनकेम्प्टच्या खाली तो लिहिला आणि समोर अर्थाच्या जागी एक पणती काढली, वर काट मारून.